युकुलेले, रॉय साकुमा आणि क्लासला येण्याआधीचे नेहमीचे प्रश्न

मी युकुलेले शिकवतो. गिटारसारखं दिसणारं, चार तारांचं हे छोटं वाद्य. फोनवर चौकशी करणाऱ्यांना जे सांगतो ते इथे एकदाच लिहून ठेवलं आहे. शिकवताना मी सतत एका माणसाचं नाव घेतो, त्यामुळे सुरुवात त्याच्यापासूनच करतो.

हे रॉय साकुमा कोण? तुमचे गुरू का?

गुरू म्हणण्याचा अधिकार मला नाही, कारण त्यांच्यासमोर बसून मी शिकलेलो नाही. साकुमा हे हवाई बेटांवरच्या होनोलुलू शहरातले युकुलेलेशिक्षक. मैफली गाजवणारे वादक हवाईत पुष्कळ झाले, पण पोरांच्या हातात हे वाद्य देण्याचं काम इतक्या चिकाटीने फार कमी जणांनी केलं.

लहानपण खडतर. आई आणि भाऊ मानसिक आजाराने गांजलेले, शाळेत मन लागेना, शेवटी शाळा अर्धवट सुटली. हे सगळं ते जाहीर मुलाखतींमधून मोकळेपणाने सांगतात. ऐन तरुण वयात रेडिओवर हर्ब ओटा यांचं युकुलेले कानावर पडलं आणि हे शिकायचंच असं ठरवून त्यांनी ओटांचं शिष्यत्व पत्करलं. पुढे होनोलुलूच्या उद्यान खात्यात बागेची देखभाल करण्याची नोकरी मिळाली. त्या नोकरीत असतानाच १९७१ मध्ये त्यांनी वायकीकीच्या कापिओलानी पार्कमधल्या बँडस्टँडवर युकुलेलेचा महोत्सव भरवला. प्रवेश फुकट, ज्याने यावं त्याने गवतावर बसून ऐकावं. हा महोत्सव पाच दशकं चालला आणि त्यात शेकडो मुलं एका वेळी व्यासपीठावर बसून वाजवायची. पत्नी कॅथी यांच्यासोबत त्यांनी शिकवण्यासाठी स्टुडिओही काढले.

त्यांनी मुलांसाठी एक छोटं गाणं केलं आहे, 'मी आहे तो असा आहे' या अर्थाचं. हवाईतल्या शाळांमधून ते गायलं जातं. साकुमांच्या शिकवण्याचा गाभा मला त्यात दिसतो. मुलाला आधी आपल्यालाही काही येतं असं वाटलं पाहिजे, तयारीचं त्यानंतर बघू. आपल्याकडे बरेचदा उलटं चालतं. हात बसेपर्यंत 'तुला जमत नाही' हेच पोराच्या कानावर पडत राहतं.

युकुलेलेत घराणं वगैरे असतं का?

तो शब्द तिथे कुणी वापरत नाही, पण गुरू-शिष्यांची ओळ अगदी स्पष्ट आहे.

सुरुवात एडी कामाए यांच्यापासून धरू (१९२७ ते २०१७). त्यांचा मोठा भाऊ बस चालवायचा. कुणीतरी बसमध्ये विसरून गेलेलं युकुलेले तो घरी घेऊन आला आणि एडीने ते उचललं. तोवर युकुलेले म्हणजे गाण्यामागे झणकार देणारं वाद्य. कामाए यांनी चारही तारा एकदम छेडून सुरावट आणि तिच्याखालचे कॉर्ड (एकदम वाजणारे सुरांचे गट) एकाच हाताने वाजवण्याची पद्धत बसवली, आणि गाणाऱ्याच्या मागे उभं असलेलं वाद्य पुढे आलं. १९६० च्या सुमारास गिटारवादक गॅबी पाहिनुई यांच्यासोबत त्यांनी 'सन्स ऑफ हवाई' हा संच उभा केला. त्यानंतर विदुषी मेरी कावेना पुकुई यांचं मार्गदर्शन घेऊन गावोगावच्या म्हाताऱ्या माणसांकडून जुनी हवाईयन गाणी गोळा केली. आपल्याकडे ओव्या गोळा करत हिंडलेली माणसं ज्यांना माहीत आहेत, त्यांना या कामाचं मोल वेगळं सांगायला नको.

कामाए यांच्याकडे हर्ब ओटा शिकले. लोक त्यांना 'ओटा-सान' म्हणत. जाझ, पाश्चात्त्य अभिजात, लोकप्रिय गाणी असं सगळं त्यांनी या चार तारांवर आणलं. १९७४ च्या त्यांच्या एका रेकॉर्डच्या लाखो प्रती खपल्या, त्याही शब्द नसलेल्या युकुलेलेच्या! ओटांकडे साकुमा शिकले. साकुमांच्या स्टुडिओत शिकलेल्या मुलांमध्ये एक होता पुढे जगभर गाजलेला जेक शिमाबुकुरो, जन्म १९७६. पहिले कॉर्ड त्याला चौथ्या वर्षी आईने दाखवले होते.

गंमत अशी की या चौघांचं वादन एकमेकांसारखं नाही. गुरूची नक्कल करत बसण्याचा आग्रह तिथे दिसत नाही, आणि मला ते फार आवडतं.

वाद्य मूळचं हवाईचंच ना?

अर्धं. २३ ऑगस्ट १८७९ रोजी 'रेव्हन्सक्रॅग' नावाचं जहाज होनोलुलूला लागलं. उसाच्या मळ्यांवर कामासाठी आणलेली पोर्तुगालच्या मदेइरा बेटावरची माणसं त्यात होती. मानुएल नुनेस, औगुस्तो दियास आणि जोझे दो एस्पिरितो सान्तो हे तीन सुतारही त्यांत होते. मदेइरातलं माशेत हे चार तारांचं छोटं वाद्य त्यांच्या हातच्या ओळखीचं. मळ्यावरची कामं आटोपल्यावर त्यांनी होनोलुलूत दुकानं थाटली आणि तिथल्या कोआ लाकडाची वाद्यं बनवायला घेतली. (कोआ आपल्या बाभळीच्या नात्यातलं झाड आहे, हे सांगितलं की कोणाचाच विश्वास बसत नाही.) तारा लावण्याची रीत मात्र राजाओं या दुसऱ्या, पाच तारांच्या वाद्यावरून आली. हवाईचे राजा कालाकाउआ यांनी दरबारात हुला नृत्याच्या साथीला हे नवं वाद्य घेतलं आणि त्याला प्रतिष्ठा मिळाली.

गोव्यातही हेच पोर्तुगीज होते, मग आपल्याकडे हे वाद्य का रुजलं नाही, असं पणजीच्या एका विद्यार्थिनीने विचारलं होतं. गोव्यातल्या मांडो या गीतप्रकाराने साथीला व्हायोलिन आणि घुमट हे मातीचं तालवाद्य घेतलं. साथीचा तो प्रश्न तिथे आधीच सुटलेला होता, एवढंच मला सुचतं.

हवाईयन गिटार म्हणजे हेच का? आमच्या काकांकडे होती.

नाही. काकांची गिटार मांडीवर आडवी ठेवून, तारांवर पोलादी कांडी सरकवत वाजवायची. तीही हवाईचीच, जोसेफ केकुकू यांच्या नावावर जमा आहे. १९४० च्या दशकात ताऊ मोए हे हवाईयन गिटारवादक कलकत्त्यात राहून वाजवत होते, तेव्हापासून भारतात ती चांगलीच फोफावली. पुढे ब्रिजभूषण काब्रांनी तिच्यावर राग वाजवले. मींड (एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं) हवी असेल तर ती गिटार घ्या, युकुलेलेकडे मींड मागू नका.

मग यावर राग वाजतात की नाही?

वाजतात, पण निवडून. हा माझ्या आवडीचा प्रश्न आहे, तेव्हा जरा सविस्तर सांगतो.

युकुलेलेच्या तारा वरून खाली जी, सी, ई, ए या पाश्चात्त्य सुरांत लागतात. सी म्हणजे पेटीतली (हार्मोनियममधली) पांढरी एक ही पट्टी. तिला सा मानलं तर मोकळ्या तारा काय बोलतात बघा: प, सा, ग, ध. म्हणजे कुठेही बोट न ठेवता चारही तारा छेडल्या तरी जे वाजतं ते भूप रागाच्या बाहेर जात नाही. राहिला एकटा रिषभ, तो सी तारेच्या दुसऱ्या पडद्यावर (पडदा म्हणजे वाद्याच्या गळ्यावरची धातूची आडवी पट्टी). म्हणून सहा वर्षांच्या मुलालाही पहिल्याच दिवशी भूपाचे चार सूर हाताला लागतात, आणि घरी जाऊन आजीला काहीतरी ऐकवता येतं.

पूर्ण सप्तक असं: सी तार मोकळी सा, दुसरा पडदा रे. ई तार मोकळी ग, पहिला पडदा म, तिसरा प. ए तार मोकळी ध, दुसरा पडदा नी, तिसरा तार सा. सगळे शुद्ध सूर, म्हणजे बिलावल झाला!

आता अडचणी. पहिली तार, जी, ही जाड आवाजाची नसते. ती सी आणि ई दोन्हींपेक्षा उंच लागते. त्यामुळे मंद्र, म्हणजे खालचं सप्तक मिळतच नाही. ज्यांना खालचा पंचम हवा ते तिथे जाड 'लो-जी' तार चढवतात, किंवा सा एफवर, म्हणजे पांढरी चारवर धरतात. मग मोकळी सी तार मंद्र पंचम होते. दुसरी अडचण: सूर टिकत नाही. छेडला की लगेच विरतो, तेव्हा विलंबित आलाप विसरा. मध्य लयीतली बंदिश, भजन, धून या गोष्टी मात्र छान बसतात. तिसरी: पडदे पक्के असतात, त्यामुळे दरबारी रागाचा नेहमीपेक्षा उतरलेला गंधार मागितलात तर तो मिळणार नाही.

पण उंच जीचा एक फायदा फार कमी लोक सांगतात. ई तारेच्या तिसऱ्या पडद्यावरचा प आणि मोकळ्या जीवरचा प हे एकच. दोन्ही आलटून पालटून छेडा. एक सूर संपायच्या आत दुसरा सुरू होतो आणि देवळातल्या लहान घंटांसारखा नाद उठतो. भूपात हे करून पाहाच.

परक्या वाद्यावर आपलं संगीत कशाला, असंही कुणीतरी विचारतंच. पेटी बाहेरूनच आली होती आणि १९४० पासून पुढची तीस वर्षं आकाशवाणीने तिला दाराबाहेर ठेवलं होतं. आज पेटीशिवाय भजन होतं का?

आधी गिटार शिकावी की हे?

जे हातात घ्यावंसं वाटतं ते. गिटारच्या पाचव्या पडद्यावर कॅपो (सगळ्या तारा दाबून धरणारा चिमटा) लावला की खालच्या चार तारा जी-सी-ई-ए होतात (फरक इतकाच, की तिथला जी खालचा). म्हणजे इकडचं बोट तिकडे चालतं. लहान मुलांना मात्र गिटारचा गळा रुंद पडतो आणि पोलादी तारा बोटं कापतात. युकुलेलेच्या तारा नायलॉनच्या किंवा तत्सम असतात, तो जाच नाही.

कुठलं घ्यावं? किती खर्च येईल?

चार मापं आहेत: सोप्रानो, कॉन्सर्ट, टेनर, बॅरिटोन. सात-आठ वर्षांपर्यंत सोप्रानो, त्यापुढे कॉन्सर्ट. मोठी बोटं असलेल्या पुरुषांनी थेट टेनर घ्यावं. बॅरिटोनच्या तारा वेगळ्या लागतात, गिटारच्या शेवटच्या चार तारांसारख्या, म्हणून सुरुवातीला नको.

तीन ते पाच हजारांत शिकण्याजोगं वाद्य मिळतं. त्याहून स्वस्तातलं रंगीबेरंगी युकुलेले वाढदिवसाला भेट म्हणून येतं आणि बाराव्या पडद्याशी बेसूर निघतं. दुकानात ही एक परीक्षा करा: तार मोकळी छेडा, मग तीच बाराव्या पडद्यावर दाबून छेडा. तोच सूर वरच्या सप्तकात नीट मिळाला तर घ्या, नाहीतर ठेवून द्या. ऑनलाइन मागवत असाल तर परत घेतात का ते आधी बघा.

होनोलुलूच्या कामाका कुटुंबाची वाद्यं १९१६ पासून बनताहेत, जेकही त्यांचंच टेनर वाजवतो. ती अतिशय देखणी आणि तेवढीच महाग. तूर्त फोटोत बघा.

नवीन आणलं आणि सारखं उतरतं. वाद्य खराब आहे का?

नाही. नव्या नायलॉनच्या तारा ताणत राहतात. पहिले आठ-दहा दिवस दर दहा मिनिटांनी लावावं लागेल. मोबाइलवर ट्यूनर (सूर तपासणारं अॅप) घ्या, पण महिन्यातून एकदा तरी पेटीवर किंवा तानपुऱ्याच्या अॅपवर कानाने लावून बघा. कान तयार होण्यासाठी याहून स्वस्त उपाय नाही.

पहिल्या महिन्यात नेमकं काय होतं?

पहिल्या तासाला सी कॉर्ड: ए तारेचा तिसरा पडदा, अनामिकेने. एवढंच. एका बोटात कॉर्ड लागतो याचा मुलांना जो आनंद होतो तो बघण्यासारखा असतो. मग ए मायनर: जी तारेचा दुसरा पडदा, मधल्या बोटाने. ते बोट तिथेच ठेवून तर्जनी ई तारेच्या पहिल्या पडद्यावर टेकवली की एफ.

घोडं अडतं ते इथे. तर्जनी आडवी पडते, शेजारच्या ए तारेला चिकटते आणि ती तार मुकी होते. मूल जोरात दाबायला लागतं, अंगठा मागून पांढरा पडतो, खांदा वर येतो. जोर लावून काही होत नाही. कोपर जरा अंगाजवळ घ्यायचं, म्हणजे तर्जनी आपोआप उभी राहते आणि ए तार मोकळी होते. शिवाय बोट पडद्याच्या अगदी मागे हवं, दोन पडद्यांच्या मधोमध नको. एकेक तार सुटी छेडून ऐकायची: चारही बोलल्या की पुढे.

त्यानंतर एफ आणि सी-सेव्हन यांची जोडी. सी-सेव्हनला तर्जनी त्याच पहिल्या पडद्यावर, फक्त ए तारेवर सरकते. या दोन कॉर्डवर कितीतरी बडबडगीतं निभावतात. उजव्या हाताला केहरवा ताल आधी, दादरा नंतर. स्ट्रमिंग (तारा खाली-वर छेडणं) शिकवताना मी 'डाउन-अप' म्हणण्याऐवजी 'धा गे ना ती' म्हणवून घेतो. ज्यांच्या घरात तबला आहे त्यांना लगेच कळतं, बाकीच्यांना आठवडाभरात.

आणि पहिल्या दिवसापासून गायचं. बेसूर का होईना, वाजवता वाजवता गायचं.

गाणं आमच्या पट्टीत बसत नाही. काय करू?

कॅपो घ्या, दोन-तीनशे रुपयांचं काम आहे. सीच्या आकारांना (सी पट्टीतल्या कॉर्डच्या बोटांच्या ठेवणीला) पहिल्या पडद्यावर कॅपो म्हणजे काळी एक, तिसऱ्यावर म्हणजे काळी दोन. काळी चारला गाणाऱ्या बायकांनी जीचे आकार पहिल्या पडद्यावर वापरावेत, काळी पाचला एचे आकार पहिल्यावर. हा हिशोब वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा.

यूट्यूबवरून शिकता येईल का?

येईल, आणि बरेच जण शिकतात. २००६ मध्ये न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमधल्या एका दगडावर बसून जेकने वाजवलेलं एक गाणं यूट्यूबवर जगभर फिरलं, तेव्हापासूनच तर युकुलेलेला पुन्हा असे दिवस आले. पण व्हिडिओ तुम्हाला बघत नाही. वर सांगितलेली ती आडवी तर्जनी त्याला दिसणार नाही. महिन्यातून एकदा जरी जाणत्या माणसासमोर बसलात, तरी तेवढ्याने काम होतं. तो माणूस मीच असायला हवा असं नाही.

शाळेत संपूर्ण वर्गाला शिकवता येईल का?

कॅनडाच्या हॅलिफॅक्समध्ये चामर्स डोन यांनी हेच केलं. तिथल्या शाळांच्या संगीतशिक्षणाची सूत्रं १९६७ मध्ये हातात आल्यावर त्यांनी युकुलेले वर्गावर्गात नेलं. गाणं म्हणणं, स्वरलिपी वाचणं, साथ करणं, सुरावट वाजवणं हे सगळं एकाच वाद्यावर. मुलांसाठी त्यांनी त्रिकोणी आकाराचं, टिकाऊ युकुलेलेही बनवून घेतलं. त्यांची वाद्यं एक सूर वर, ए-डी-एफ शार्प-बी अशी लागत. जेम्स हिल हा आजचा नावाजलेला वादक-शिक्षक त्याच मुशीतला.

आपल्याकडच्या शाळांना माझं एवढंच सांगणं असतं की स्नेहसंमेलनात एक गाणं बसवून द्या म्हणून बोलावू नका. आठवड्याला दोन तास वर्षभर देणार असाल तर बोलू. आणि वाद्यं शाळेची हवीत. ज्याचे आईवडील विकत घेऊ शकतात त्यानेच वाजवायचं असेल तर वर्गात शिकवून काय उपयोग?

परीक्षा आणि प्रमाणपत्र?

मी घेत नाही. दर तीन महिन्यांनी सगळे मिळून वाजवतात, घरची माणसं येतात, शेवटी चहा-पोहे.

वयाची अट आहे का? मी साठीची आहे, बोटं आखडतात.

खालची अट पाच वर्षं, त्याआधी मूल एका जागी बसत नाही. वरची अट नाही. आखडलेल्या बोटांना हलक्या ताणाच्या तारा बसवून देतो, आणि घोडी (तारा जिच्यावर टेकतात ती पट्टी) फार उंच असेल तर थोडी घासून घेतो. तारा पडद्यांच्या जवळ आल्या की निम्मा जोर पुरतो. सकाळपेक्षा दुपारी वाजवा, सांधे मोकळे झालेले असतात. संधिवात असेल तर डॉक्टरांना विचारून या.

डावखुऱ्या मुलाचं काय?

शक्यतो उजव्यासारखंच शिकवतो, कारण डाव्या हाताला काम जास्त असतं. फारच अडलं तर तारा उलट लावून देतो, दहा मिनिटांचं काम.

पावसाळ्यात, उन्हाळ्यात काय काळजी घ्यायची?

लॅमिनेट, म्हणजे प्लायवुडसारख्या थरांच्या वाद्याला फारसं काही होत नाही. अखंड लाकडाचं असेल तर मुंबई-कोकणात वाद्य ठेवायच्या पेटीत सिलिका जेलच्या पुड्या ठेवा. विदर्भात, मराठवाड्यात प्रश्न उलटा असतो: एप्रिल-मेमध्ये लाकूड कोरडं पडून चिरतं, म्हणून भिंतीला टांगू नका, पेटीत ठेवा. बंद गाडीत तर कधीच नाही. उन्हात तापलेल्या गाडीत डिंक सुटून घोडी उखडते, ती पुन्हा चिकटवून घेण्याचा खर्च वाद्याच्या किमतीच्या निम्म्यावर जातो.